मुंबई इलाख्याचे दुसरे बंदर : कराचीच्या इमारतींवरून दिसणारा इतिहास

१८४७ पासून १९३६ पर्यंत, म्हणजे जवळजवळ नव्वद वर्षे, कराची हे शहर मुंबई इलाख्यात मोडत होते. रत्नागिरी, पुणे, बेळगाव आणि धारवाड येथील कारभार ज्या गव्हर्नराच्या सहीने चाले, त्याच्याच सहीने कराचीचाही चाले. तेथील कॉलेजातले विद्यार्थी मुंबई विद्यापीठाच्या परीक्षांस बसत. तेथील रोमन कॅथलिक मंडळी १९४८ पर्यंत मुंबईच्याच धर्मप्रांताखाली होती. असे असूनही वसाहतकालीन बंदरांचा विषय निघाला की आपण मुंबई, मद्रास आणि कलकत्ता या तीन नावांवर थांबतो, आणि जे चौथे शहर एके काळी आपल्या घरचेच होते त्याची आठवण कोणास होत नाही. देशाची फाळणी झाली तेव्हा नकाशाबरोबर स्मरणाचीही फाळणी झाली, असे आम्हांस वाटते. म्हणून या लेखात कराचीच्या इमारतींचा मागोवा घेण्याचे आम्ही योजिले आहे.

इमारतींच्या द्वारे शहराचा इतिहास सांगण्यात एक धोका असतो, तो आरंभीच सांगून टाकतो. दगडात बांधणाऱ्यांची नावे टिकतात. मातीत बांधणाऱ्यांची पुसली जातात. कराचीविषयी इंग्रज लेखकांनी जे लिहिले त्यात एक वाक्प्रचार वारंवार आढळतो : येथे कोळ्यांचे एक खेडे होते, त्याचे आम्ही शहर केले. हे अर्धसत्य आहे, आणि अर्धसत्य खोडून काढणे हे असत्य खोडून काढण्याहून अवघड असते.

खरी हकिकत अशी. सिंधमधील सेठ नाउमल होतचंद यांनी आपल्या घराण्याच्या आठवणी लिहून ठेवल्या आहेत. त्यांवरून असे दिसते की, १७२९ च्या सुमारास खरक बंदर नावाचे जुने बंदर गाळाने भरून गेल्यावर त्यांचे पूर्वज भोजूमल आणि इतर व्यापारी कराचीच्या खाडीवर येऊन राहिले. त्यांनी गावाभोवती तट उभारला आणि त्यास दोन दरवाजे ठेवले. समुद्राकडील दरवाजाबाहेरचे पाणी खारट, म्हणून तो खारादर. ल्यारी नदीकडील दरवाजाबाहेर विहिरींचे पाणी गोड, म्हणून तो मिठादर. तट केव्हाच नाहीसा झाला, दरवाजेही गेले, परंतु त्या दोन्ही वस्त्यांना आजही याच नावांनी ओळखतात. गावातील घरे मातीची, सपाट धाब्याची असत, आणि धाब्यावर नैर्ऋत्येकडे तोंड केलेली वाऱ्याची धुराडी असत. समुद्रावरून येणारा वारा त्या धुराड्यांतून खालच्या खोलीत उतरे. कराचीचा पहिला स्थापत्यविचार हा होय. तो कोणत्याही इंजिनिअराने केलेला नाही. १७९५ साली कलातच्या खानाकडून हे बंदर तालपूर मीरांकडे आले. मस्कत, काठेवाड, मुंबई आणि मलबार येथपर्यंत त्याचा व्यापार चाले. इंग्रज आले त्या वेळी गावची वस्ती सुमारे १४,००० होती. यास खेडे म्हणता येणार नाही.

इंग्रज आले ते व्यापारासाठी नव्हे. पहिल्या अफगाण युद्धासाठी फौज आणि रसद उतरविण्यास त्यांना सिंधच्या किनाऱ्यावर एक धक्का हवा होता. फेब्रुवारी १८३९ मध्ये 'वेलस्ली' ही ७४ तोफांची युद्धनौका ॲडमिरल मेटलंड यांच्या हुकमतीखाली मनोरा या भूशिरासमोर येऊन उभी राहिली. मनोऱ्यावर मीरांचा एक लहानसा किल्ला होता. त्यातून एक तोफ उडाली. ती सलामीची होती की प्रतिकाराची, याविषयी पुढे वाद झाला. 'वेलस्ली'ने मात्र वाद न घालता भडिमार सुरू केला आणि थोड्याच वेळात किल्ल्याचा दर्शनी तट कोसळला. आत जाऊन पाहतात तो मूठभर माणसे. ही युद्धनौका कोठे बांधली होती, हे सांगण्यासारखे आहे. मुंबईच्या गोदीत, पारशी कारागिरांच्या देखरेखीखाली, मलबारी सागवानात ती घडविण्यात आली आणि १८१५ साली पाण्यात सोडण्यात आली. फौजही मुंबईचीच होती. कराची जिंकली गेली ती मुंबईच्या लाकडाने आणि मुंबईच्या शिपायांनी.

कुलाब्याच्या टोकाशी संत योहानाचे जे चर्च आहे, ज्याला मुंबईकर अफगाण चर्च म्हणतात, ते याच सिंध आणि अफगाणिस्तानच्या मोहिमांत मेलेल्यांच्या स्मरणार्थ बांधले आणि १८५८ मध्ये त्याचे समर्पण झाले. म्हणजे कराचीच्या इतिहासातील पहिले स्मारक कराचीत नसून मुंबईत आहे.

१८४३ मध्ये सर चार्ल्स नेपिअर यांनी मियाणीच्या लढाईत मीरांचा पराभव करून सिंध खालसा केला आणि राजधानी हैदराबादेहून कराचीस आणली. राजधानी आली, पण बंदर अजून बंदर म्हणावे असे नव्हते. खाडीच्या तोंडाशी वाळूचा बांध होता. मोठी जहाजे बाहेर नांगरून पडत, आणि माणसे व माल होडक्यातून, शेवटी तर चिखलातून, गावापर्यंत आणावा लागे. केमारी या बेटापासून गावापर्यंत नेपिअर यांच्या नावाचा बांध घालण्यात आला. १८५६ च्या सुमारास जेम्स वॉकर या इंजिनिअराने बंदराच्या सुधारणेची योजना आखली. तिचे तत्त्व साधे होते. ओहोटीचे पाणी अनेक वाटांनी पसरून न जाता एकाच वाटेने जोराने बाहेर पडावे, म्हणजे तेच वाळू वाहून नेईल आणि वाट खोल ठेवील. या कामावर वर्षानुवर्षे टीका झाली, मध्यंतरी ते थांबलेही. परंतु १८६९ ते १८७३ या काळात मनोऱ्यापासून सुमारे १,५०० फूट लांबीचा लाटरोधक बांध समुद्रात पुरा झाला, आणि पावसाळ्यातही जहाजे आत घेता येऊ लागली. १८६१ मध्ये कराची ते कोटरी रेल्वे सुरू झाली होती. १८८९ मध्ये सक्कर येथे सिंधू नदीवर लॅन्सडाउन पूल झाला. पंजाबच्या कालव्यांवर पिकलेला गहू आता सरळ कराचीच्या धक्क्यावर येऊ लागला. विसाव्या शतकाच्या आरंभी गव्हाच्या निर्यातीत कराचीने साऱ्या साम्राज्यात अग्रस्थान मिळविले. शहरातील बहुतेक मोठ्या इमारती या गव्हाच्या आणि कापसाच्या पैशावर उभ्या आहेत, हे पाहणाऱ्याने ध्यानात ठेवावे.

इंग्रजांची वस्ती जुन्या गावापासून दूर, पूर्वेकडील मोकळ्या माळावर झाली. तिला सदर म्हणत. पुणे, बेळगाव आणि महू येथील वाचकांना लष्कर आणि शहर यांचा हा दुजाभाव समजावून सांगण्याची गरज नाही. एकीकडे अरुंद बोळ, देवळे, मशिदी, पेढ्या. दुसरीकडे रुंद सरळ रस्ते, बंगले, कवायतीचे मैदान आणि चर्च.

या चर्चांपैकी सर्वांत जुने पवित्र त्रैक्याचे, होली ट्रिनिटी. मुंबई फौजेतील कॅप्टन जॉन हिल यांनी त्याचा आराखडा केला आणि १८५५ मध्ये ते पुरे झाले. त्याचा चौकोनी मनोरा मूळचा १५० फूट उंच होता. एवढा उंच बांधण्याचे कारण असे की, समुद्रातून येणाऱ्या जहाजांना त्यावरून दिशा कळावी. १९०४ मध्ये तो धोकादायक वाटू लागल्याने त्याची उंची कमी करण्यात आली. मनोऱ्याच्या या दुहेरी कामाविषयी आम्ही पुष्कळ विचार केला आहे. तारूंना वाट दाखविणारे चर्च ही कल्पना प्रवचनकारास मोहात पाडील अशी आहे. पण ज्या तारूंना ते वाट दाखवीत होते त्यांत पलटणी आणि दारूगोळाही होता, आणि आत उपासनेस बसणारे बहुतेक गणवेशातील गोरे लोक होते. एतद्देशीय ख्रिस्ती माणसास त्या काळी या मंदिरात कोणते स्थान होते, याचे उत्तर फारसे सुखावह नाही. इतिहास लिहिणाऱ्या ख्रिस्ती माणसाने ही गोष्ट झाकू नये.

स्कॉटिश मंडळीचे सेंट अँड्र्यूज चर्च १८६८ मध्ये झाले. त्याचा आराखडा न्यूनहॅम यांचा. त्याचे निमुळते शिखर आणि दर्शनी भिंतीवरील गुलाबाच्या आकाराची गोल खिडकी ही उत्तर युरोपातील गॉथिक पद्धतीची आहेत, आणि आमच्या मते कराचीतील चर्चांपैकी हे सर्वांत प्रमाणबद्ध होय. कॅथलिकांचे पहिले लहान मंदिर १८४५ मधील. आज दिसते ते सेंट पॅट्रिक कॅथीड्रल १८८१ मध्ये पुरे झाले. त्याच्या बांधणीमागे फादर वॅग्नर, ब्रदर क्लूव्हर आणि ब्रदर लाऊ या तीन येशूसंघीयांची योजना होती. दीड हजार माणसे आत मावतात. अंगणातील संगमरवरी ख्रिस्तराजाचे स्मारक १९३१ मधील आहे.

आता फ्रिअर हॉलकडे वळू, कारण मराठी वाचकाच्या दृष्टीने याच इमारतीत पुष्कळ धागे एकत्र येतात. सर बार्टल फ्रिअर हे १८५९ पर्यंत सुमारे नऊ वर्षे सिंधचे कमिशनर होते. टपालाची तिकिटे जमविणाऱ्यांना ठाऊक असेल की, १८५२ मधील 'सिंध डाक' हे आशियातील पहिले चिकट तिकीट त्यांच्याच कारकिर्दीतले. पुढे १८६२ ते १८६७ या काळात ते मुंबईचे गव्हर्नर झाले आणि त्यांनी मुंबईच्या कोटाची तटबंदी पाडून शहर मोकळे केले. कराचीतील लोकांनी त्यांच्या सन्मानार्थ सभागृह बांधावयाचे ठरविले, त्यासाठी आराखडे मागविले, आणि आलेल्या बारा आराखड्यांतून निवड झाली ती हेन्री सेंट क्लेअर विल्किन्स या लष्करी इंजिनिअराची. १० ऑक्टोबर १८६५ रोजी इमारत खुली झाली.

विल्किन्स हे नाव आपल्या परिचयाचे नसले तरी त्यांचे काम आपल्या डोळ्यांसमोर आहे. पुण्याचे ससून रुग्णालय आणि ज्याला पुणेकर लाल देऊळ म्हणतात ते यहुदी सभास्थान त्यांचेच. मुंबईचे जुने सचिवालयही त्यांचेच. आता सनावळी पाहावी. मुंबईच्या सचिवालयाची इमारत १८७४ ची. विद्यापीठाचा राजाबाई मनोरा १८७८ चा. बोरीबंदरचे स्टेशन त्याहूनही नंतरचे. फ्रिअर हॉल या सर्वांच्या आधीचा. टोकदार कमानी, दोन रंगांच्या दगडांच्या आलटूनपालटून रांगा, सावलीचे सोपे, कोपऱ्यावरील अष्टकोनी बुरूज आणि उतरते छप्पर, हा जो व्हेनिसच्या धर्तीचा गॉथिक थाट पुढे मुंबईची ओळख ठरला, त्याची रंगीत तालीम कराचीत झाली असे म्हणावयास हरकत नाही. कमिशनर कराचीचे, तेच मुंबईचे गव्हर्नर, इंजिनिअरही तेच. केवळ योगायोग म्हणून हे सोडून देणे आम्हांस पटत नाही.

हॉलसाठी कराचीजवळच्या गिझरीचा पिवळसर चुनखडीचा दगड, भोलारीचा पांढरा दगड आणि जंगशाहीचा तांबडा व करडा वालुकाश्म वापरला. गिझरीचा दगड हा कराचीचा खरा रंग होय. तो खाणीतून निघतो तेव्हा मऊ असतो, छिन्नीला सहज वळतो, आणि उन्हात मधासारखा दिसतो. मात्र खाऱ्या वाऱ्याने त्याला कीड लागल्यासारखे होते. नक्षी झिजते, पोपडे सुटतात. काळ्या बसाल्टवर वाढलेल्या माणसास हे लक्षात यावयास वेळ लागतो. मुंबईच्या इमारती काळवंडतात, कराचीच्या विरघळतात.

हा दगड घडविणारे कोण होते? यांत मोठा वाटा जेसलमेरकडून आलेल्या सिलावट जातीच्या मुसलमान पाथरवटांचा होता. वाळवंटातील हवेल्यांवर जाळी कोरणारे हे हात कराचीत येऊन गॉथिक पाने-फुले कोरू लागले. रणछोड लाइन या भागात त्यांची वस्ती झाली. इमारतींच्या कोनशिलांवर गव्हर्नर, कमिशनर आणि इंजिनिअर यांची नावे आहेत; सिलावटांचे नाव क्वचितच. म्हणूनच एंप्रेस मार्केटच्या बाबतीत एक अपवाद नोंदवून ठेवावासा वाटतो. या बाजाराचे बांधकाम महंमद निवान आणि डुल्लू खेजू या दोन ठेकेदारांनी केले, आणि त्यांची नावे इतिहासात राहिली आहेत.

एंप्रेस मार्केट हे नगरपालिकेचे इंजिनिअर जेम्स स्ट्रॅचन यांचे काम. १८८४ मध्ये मुंबईचे गव्हर्नर सर जेम्स फर्ग्युसन यांनी कोनशिला बसविली (पुण्याचे फर्ग्युसन कॉलेज यांच्याच नावाचे), आणि मार्च १८८९ मध्ये बाजार उघडला. मध्ये अंगण, त्याभोवती ४६ फूट रुंदीची चार दालने, २८० गाळे, आणि दर्शनी बाजूस १४० फुटांचा घड्याळाचा मनोरा. स्ट्रॅचन यांची मेरीवेदर टॉवर, दयाराम जेठमल कॉलेज, सिंध मदरसा ही इतर कामेही प्रसिद्ध आहेत. पण आमच्या मते त्यांची सर्वांत मोठी कामगिरी जमिनीखाली आहे. १८८३ मध्ये मलीर नदीकाठच्या डमलोटी येथील विहिरींचे पाणी त्यांनी झाकलेल्या पाटाने शहरात आणले. मिठादराबाहेरच्या गोड पाण्यावर जे गाव वसले, त्याला गोड पाणी पुरेनासे झाले होते. मनोरे नंतर आले तरी चालले असते.

बाजाराच्या जागेविषयी एक कडू आठवण आहे. सप्टेंबर १८५७ मध्ये कराचीतील २१ व्या मुंबई पायदळ पलटणीत उठावाचा बेत असल्याचे उघडकीस आले. शिपायांना पकडण्यात आले. काहींना फासावर लटकविले, काहींना तोफेच्या तोंडी दिले. पुढे ज्या जागी बाजार झाला त्याच मैदानावर हे घडले, आणि त्या जागी शिपायांचे स्मारक होऊ नये म्हणूनच सरकारने तेथे राणीच्या नावाचा बाजार बांधला, असे लोक सांगत आले आहेत. सरकारच्या मनात काय होते याचा निवाडा आम्ही करीत नाही. पण लोकांनी तीस वर्षे ती जागा ध्यानात ठेवली, हे महत्त्वाचे आहे. ती पलटण मुंबई फौजेतील होती, हेही विसरू नये.

येथवर मुख्यतः साहेबांच्या इमारती पाहिल्या. मराठी माणसाचा या शहराशी काय संबंध आला? इलाखा एक असल्यामुळे कारकून, शिक्षक, शिपाई म्हणून मराठी माणसे तेथे गेलीच. त्यांपैकी एकाचे नाव मात्र शहराने दगडात जपले. नारायण जगन्नाथ वैद्य हे सिंधमध्ये शिक्षण खात्याचे डेप्युटी इन्स्पेक्टर होते. १८५५ मध्ये कराचीत सरकारी इंग्रजी शाळा ६८ मुलांवर सुरू झाली. तिला पुढे त्यांचे नाव देण्यात आले. सिंधी भाषेसाठी १८५३ मध्ये अरबी धाटणीची लिपी सरकारने ठरविली होती. परंतु व्यापारी हिंदू वर्ग आपल्या खुदाबादी वळणातच लिहीत असे. १८६८ मध्ये त्या खुदाबादी लिपीला प्रमाण रूप देण्याचे काम मुंबई सरकारने नारायण जगन्नाथांवर सोपविले. ती लिपी फारशी टिकली नाही, तो इतिहास वेगळा. पण बायबलच्या भाषांतरकारांनी लिपीचा प्रश्न किती जपून हाताळावा लागतो हे अनुभवले आहे. परप्रांतातून आलेल्या माणसाने दुसऱ्याच्या भाषेचे अक्षर घडविण्यास बसणे ही किती जोखमीची गोष्ट आहे, ते आमच्या वाचकांना सांगावे लागू नये. शाळेची भव्य इमारत १८७६ मधील आहे. मुले तिला एन. जे. व्ही. म्हणतात, त्या तीन अक्षरांत एक मराठी नाव दडले आहे, हे त्यांतील थोड्यांनाच ठाऊक असेल.

दुसरे नाव सॉलोमन डेव्हिड उमरडेकर यांचे. हे बेने इस्राएल, म्हणजे कोकणात ज्यांना शनवार तेली म्हणत त्या मराठी बोलणाऱ्या यहुदी समाजातील. या समाजासाठी मुंबईत डॉ. जॉन विल्सन यांनी मराठीतून हिब्रू व्याकरण रचले, हे सेमिनरीच्या विद्यार्थ्यांना माहीत आहे. सॉलोमन डेव्हिड कराची नगरपालिकेत सर्व्हेअर होते. १८९३ मध्ये त्यांनी रणछोड लाइन भागात यहुदी सभास्थान बांधले. त्याचे नाव मागेन शालोम, शांतीची ढाल. मुंबईस, अलिबागेस, पेणेस जी प्रार्थना होई तीच तेथे होई, आणि प्रार्थना संपल्यावर अंगणात जी बोली ऐकू येई ती कोकणातली मराठी असे. या समाजातील एक गृहस्थ, अब्राहम रूबेन, १९३६ मध्ये कराची महापालिकेत निवडून आले.

गोमंतकातील वाचकांना कराचीची ओळख बहुधा घरच्या गोष्टींतून झालेली असेल. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापासून गोव्यातील कॅथलिक कुटुंबे तेथे जाऊ लागली. जकात, टपाल, रेल्वे, शिवणकाम, बेकऱ्या, बँड, असे कोणतेही क्षेत्र त्यांनी सोडले नाही. त्यांच्या संस्थेची सदर भागातील देखणी इमारत १९०५ मधील. ती मोझेस सोमेक या यहुदी वास्तुविशारदाने बांधली. १९०८ मध्ये सिंसिनाटस डी'अब्रेव यांनी शहराबाहेरच्या जमिनीवर गोमंतकीयांसाठी वसाहत आखली. तिला सिंसिनाटस टाउन म्हणत. चाळीसच्या दशकात मॅन्युएल मिस्किटा हे गोमंतकीय गृहस्थ कराचीचे महापौर झाले. त्याआधी, १९३३ मध्ये, पहिले महापौर होण्याचा मान जमशेद नसरवानजी मेहता या पारशी गृहस्थांना मिळाला होता. पारशी महापौर, यहुदी वास्तुविशारद, गोमंतकीय संस्था, जेसलमेरी पाथरवट. साम्राज्याने हे शहर बांधले असे म्हणताना या सर्वांना एका शब्दात गुंडाळता येत नाही.

विसाव्या शतकात गॉथिकची हौस ओसरली. गेटवे ऑफ इंडियाचे शिल्पकार जॉर्ज विटेट यांनी कराची पोर्ट ट्रस्टची अर्धवर्तुळाकार दर्शनी बाजूची घुमटदार इमारत केली. १९१६ मध्ये ती खुली झाली आणि महायुद्ध चालू असल्याने लगेच लष्करी रुग्णालय म्हणून वापरात आली. १९२७ मध्ये शिवरतन मोहट्टा या मारवाडी व्यापाऱ्याने समुद्रकाठी राजवाड्यासारखे घर बांधले. आगा अहमद हुसेन या वास्तुविशारदाने त्यात जोधपूरचा गुलाबी आणि गिझरीचा पिवळा दगड एकत्र केला. घरधन्यास ते वीस वर्षेच लाभले.

१९३६ मध्ये सिंध मुंबईपासून वेगळा झाला. १९४७ मध्ये कराची पाकिस्तानची राजधानी झाली. १९४१ मध्ये शहराची वस्ती चार लाखांच्या आसपास, आणि तिच्यात निम्मे हिंदू. जानेवारी १९४८ च्या दंगलीनंतर हिंदू आगबोटींनी मुंबईस आले. कल्याणच्या लष्करी छावणीत त्यांना जागा मिळाली आणि तिचेच उल्हासनगर झाले. उलट भारतातून मुसलमान निर्वासित लाखांनी कराचीस गेले. १९५१ मध्ये शहराची वस्ती दहा लाखांवर गेली होती. शाळांत, देवळांत, फुटपाथांवर, जेथे छप्पर मिळेल तेथे माणसे राहिली. त्या काळात जुन्या इमारतींची हेळसांड झाली असे कोणी म्हणतो तेव्हा आम्हांस तो आरोप अन्यायाचा वाटतो. घर नसलेल्या माणसाने नक्षीची काळजी करावी ही अपेक्षाच चुकीची आहे.

रस्त्यांची नावे बदलली : बंदर रोडचा जिन्ना रस्ता झाला, एल्फिन्स्टन स्ट्रीटचा झैबुन्निसा स्ट्रीट. फ्रिअर हॉलमधील राणी व्हिक्टोरियाचा पुतळा हलवून पुढे मोहट्टा पॅलेसच्या मागील हिरवळीवर ठेवण्यात आला; हा पॅलेस १९९९ पासून संग्रहालय आहे. फ्रिअर हॉलच्या छतावर सादिकैन या थोर चित्रकाराने १९८६ मध्ये आकाश आणि पृथ्वी यांचे विशाल चित्र रंगविण्यास घेतले. फेब्रुवारी १९८७ मध्ये त्यांचा मृत्यू झाला आणि ते अपुरेच राहिले. १९९४ मध्ये सिंध सरकारने वारसा-संरक्षणाचा कायदा केला. त्यामुळे पाडापाडीला काही आळा बसला. तथापि अनेक ठिकाणी दर्शनी भिंत ठेवून मागे उंच इमला उभारण्याची युक्ती निघाली. २०१८ मध्ये एंप्रेस मार्केटला वेढून बसलेली शेकडो दुकाने हटविण्यात आली. इमारत मोकळी दिसू लागली खरी, पण पिढ्यानपिढ्या तेथे व्यवहार करणाऱ्यांची पोटे रिकामी झाली. या सौंदर्यात आम्हांस निर्भेळ आनंद वाटत नाही.

चर्चांचे पुढे काय झाले? अँग्लिकन पंथाचा कराची हा स्वतंत्र धर्मप्रांत झाला तेव्हा १९६३ मध्ये तेथील पहिले बिशप झाले ते चंदू रे, सिंधचेच सुपुत्र. नोव्हेंबर १९७० मध्ये अँग्लिकन, मेथडिस्ट, स्कॉटिश प्रेस्बिटेरियन आणि लूथरन मंडळ्यांचे ऐक्य होऊन चर्च ऑफ पाकिस्तान स्थापन झाले. त्याच महिन्याच्या अखेरीस नागपुरात चर्च ऑफ नॉर्थ इंडियाची स्थापना झाली. सीमेच्या दोन्ही बाजूंना एकाच महिन्यात हे घडले, आणि दोन्हीकडच्या मंडळ्यांना एकमेकींच्या सोहळ्यास उघडपणे जाणे सोपे नव्हते. होली ट्रिनिटी आणि सेंट अँड्र्यूज, सेनापतींचे चर्च आणि स्कॉटिश व्यापाऱ्यांचे चर्च, ही दोन्ही एकाच मंडळीची झाली. पलटणींच्या बाकांवर आता पंजाबातून आलेल्या ख्रिस्ती कुटुंबांचे वंशज बसतात. त्यांतील कितीतरी जणांचे वाडवडील शहराची गटारे आणि रस्ते साफ करीत आले. उपासना उर्दूत होते. कॅथलिकांत, मुंबईत जन्मलेले गोमंतकीय वंशाचे जोसेफ कॉर्डेरो १९५८ मध्ये कराचीचे आर्चबिशप झाले आणि १९७३ मध्ये पाकिस्तानचे पहिले कार्डिनल. गोमंतकीयांची पुढची पिढी मात्र बहुतांशी कॅनडा, इंग्लंड, ऑस्ट्रेलियाकडे पांगली.

मागेन शालोमची कथा थोडक्यात संपते. १९४८ नंतर यहुदी कुटुंबे भारतात, इस्राएलात आणि इतरत्र निघून गेली. प्रार्थनेसाठी लागणारे दहा पुरुष जमेनासे झाले. जुलै १९८८ मध्ये सभास्थान पाडण्यात आले आणि त्या जागी दुकानांची इमारत झाली. ल्यारीच्या काठी मेवाशाह कबरस्तानात यहुद्यांचा एक वेगळा भाग आहे. काटेरी झुडपांनी वेढलेल्या त्या थडग्यांत सॉलोमन डेव्हिड यांचे थडगे अजून आहे.